सत्त्याण्णवावा गडी

१

ऑफिसात तिला सगळे मास्तरीण म्हणत. शिकवायला ती कधी कुठे गेली नव्हती. पण दुसऱ्या कुणी लिहिलेला प्रोग्रॅम तिच्या टेबलावरून परत गेला, की त्यावर शाळेच्या वहीसारख्या लाल खुणा असायच्या आणि खाली एखादा शेरा. ‘घाई नडली.’ ‘हे कुणाच्या भरवशावर?’ लोक कुरकुरत, पण खुणा पुसायची छाती कुणाची होत नसे. कारण आठ-पंधरा दिवसांनी मास्तरीणच बरोबर होती, असं निघायचं.

तिचं काम म्हणजे एकाच वेळी चालणाऱ्या पुष्कळ प्रोग्रॅमांना एकमेकांच्या पायात पाय न अडकवता चालवणं. एक काम शंभर जणांत वाटलं की शंभरपट लवकर होतं, असं ज्याला वाटतं त्यानं भरल्या घरात कधी स्वयंपाक केलेला नाही, असं ती म्हणायची. एकाच पातेल्याशी दोघी उभ्या राहिल्या, की दोघी मीठ घालतात, नाहीतर दोघींपैकी एकही घालत नाही. संगणकाच्या जुन्या भाषांत हे असं सर्रास व्हायचं. म्हणून सात वर्षं खपून मास्तरणीनं स्वतःची एक भाषा केली होती. तिच्यात एका पातेल्याला एकच धनी. दुसऱ्यानं हात लावायचा म्हटलं, तर ते वाक्य लिहितानाच मोडायचं.

“माझ्या भाषेत ही चूक करताच येत नाही,” ती सांगायची, आणि त्यात फुशारकी नसायची. सुतार जसा म्हणतो की हे टेबल डुगडुगणार नाही, तसं.

त्या भाषेत लिहिलेलं पहिलं मोठं काम एका इस्पितळाला बसवलं होतं. प्रत्येक खोलीच्या छताला वाटीएवढं यंत्र. खोलीतली हवा, ऊब, धूर आणि उच्छ्वासावरून आत माणसं किती, हे ते सांगायचं. इमारतीत खोल्या, मार्गिका आणि जिने मिळून शहाण्णव जागा होत्या. प्रत्येक जागेमागे एक प्रोग्रॅम. त्याला ऑफिसात ‘गडी’ म्हणायचे. शहाण्णव गडी एकाच वेळी आपापल्या खोलीचा हिशेब करायचे, भिंतीला भिंत लागून असलेल्या शेजाऱ्याशी तेवढं बोलायचे, आणि झालं की वरच्या मुकादमाला ‘झालं’ म्हणून कळवायचे. कुठे आग लागलीच, तर कोणतं दार उघडायचं, कोणतं शटर पाडायचं, हे त्यावरून क्षणात ठरायचं.

रोज सकाळी दहाला मास्तरीण इस्पितळाच्या तळमजल्यावरच्या नियंत्रण खोलीत येऊन बसे, चष्मा पुसे आणि पहिली फेरी बघे. शहाण्णव गडी, शहाण्णव ‘झालं’. मग ती चहा मागवे.

त्या सोमवारी तिनं चहा मागवला नाही. पडद्यावर लिहिलं होतं: गडी शहाण्णव. झालं सत्त्याण्णव.

२

“दोनदा मोजलं असेल एखादं,” शंकासुर म्हणाला.

शंकासुर हा तिचा कामातला जोडीदार. उंच, किडकिडीत, आणि सूर्य उगवला का हेही घड्याळात बघून ठरवणारा. त्याच्या शंकांना सगळं ऑफिस कंटाळलेलं. मास्तरणीला मात्र तोच लागायचा. खोट काढणारा माणूस शेजारी असला की काम घट्ट होतं, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

“दोनदा मोजलेलं नाही. प्रत्येक ‘झालं’वर नंबर असतो. एक ते शहाण्णव एकेकदा आलेत. शेवटच्यावर सत्त्याण्णव आहे.”

“मग कुणीतरी मध्येच नवा गडी लावला.”

“चालत्या कामात नवा गडी लावायची सोयच नाही माझ्या भाषेत. सुरुवातीला नकाशा वाचायचा, जेवढ्या जागा तेवढे गडी. झालं. त्यानंतर देव आला तरी त्याला नोकरी नाही.”

“नकाशात चूक?”

तिनं नकाशा उघडला. शहाण्णव. कागदावरचा मूळ नकाशा टेबलावर पसरला आणि दोघांनी बोट ठेवून मोजला. शहाण्णव.

दोन दिवस त्यांनी ते प्रकरण धसाला लावलं. दुसऱ्या संगणकावर चालवून पाहिलं, सत्त्याण्णव. दुसऱ्या इमारतीचा नकाशा घातला. जेवढ्या जागा तेवढीच उत्तरं, चोख. पुन्हा इस्पितळाचा घातला, सत्त्याण्णव. शेवटी शंकासुरानं कपाटातून आपला जुना प्रोग्रॅम काढला, मास्तरणीच्या आधीच्या काळातला, दुसऱ्याच भाषेत लिहिलेला. ढिला, गबाळा, रडतखडत चालणारा. चालवल्यावर बरंच थांबून त्यानंही सांगितलं: सत्त्याण्णव.

मास्तरीण खुर्चीत मागे टेकली. म्हणजे तिची भाषा निर्दोष होती. खरं तर तिला आनंद व्हायला हवा होता.

इस्पितळाच्या व्यवस्थापकांना तिनं कळवलं. ते फाइलीतून मान वर न काढता म्हणाले, “बाकीची उत्तरं बरोबर येताहेत ना? मग एक जास्त आलं तर काय बिघडलं? जास्तच आहे, कमी तर नाही ना.”

बाहेर आल्यावर शंकासुर हळूच म्हणाला, “ती ओळ पडद्यावर दिसू नये, एवढं करता येईल.”

“येईल की. घरात साप दिसला की दिवा मालवायचा, तसंच.”

३

मग तिनं तो गडी काय सांगतोय ते वाचायला घेतलं.

त्याच्या खोलीत यंत्र नव्हतं, कारण खोलीच नव्हती. त्याची माहिती शेजाऱ्यांकडून येत होती. तिसऱ्या मजल्यावर चादरींची खोली आणि मलमपट्टीची खोली भिंतीला भिंत लागून होत्या. आता त्या दोघींचे गडी एकमेकांशी बोलतच नव्हते. दोघेही मधल्या कुणाशी तरी बोलत होते. चादरींच्या खोलीतून चिमूटभर हवा कमी व्हायची आणि परत यायची. मलमपट्टीच्या खोलीचंही तेच. कमी होणं, परत येणं, मध्ये थांबणं. मास्तरणीनं घड्याळ लावलं. दर चाळीस सेकंदांनी एकदा.

“काय असेल?” शंकासुरानं विचारलं, पण त्याचा आवाज उत्तर नको असल्यासारखा होता.

सत्त्याण्णवच्या ओळीत शेवटचा रकाना माणसांचा होता. त्यात एकचा आकडा होता.

“चाळीस सेकंदांनी एकदा कोण श्वास घेतं?” शंकासुर म्हणाला.

मास्तरणीनं पर्स उचलली. “चल. भिंत तर बघून येऊ. आकड्यांशी डोकं फोडण्यापेक्षा विटांशी बरं.”

४

तिसऱ्या मजल्याच्या मुख्य नर्सबाई म्हणजे मास्तरणीची नणंद. दोघी एकाच वयाच्या, एका बाकावर बसून हसणाऱ्या. तरी मास्तरीण थट्टेनं तिला ‘वन्सं’ आणि ‘तुम्ही’ म्हणायची, आणि ती हिला ‘वहिनी’ आणि ‘तू’.

“वन्सं, तुमच्या मजल्यावर एक खोली जास्त आहे.”

“असली तर दे बाई मला. चादरी ठेवायला जागा नाही इथे.”

सकाळचे अकरा वाजले होते. मार्गिकेत ऊन आडवं पडलं होतं, चाकांच्या खुर्च्या ये-जा करत होत्या, कुठेतरी नळ वाहत होता. मास्तरणीनं टेप लावून चादरींची खोली आतून मोजली, मग मलमपट्टीची, मग बाहेरून दोन्ही मिळून. मधली भिंत वीतभर जाडीची निघाली. वीतभर भिंतीत माणूस राहत नाही. मांजरसुद्धा राहत नाही. तिला बरं वाटलं, आणि बरं वाटलं म्हणून स्वतःचाच थोडा राग आला.

“आता आलोच आहोत तर पोकळ आहे का बघू,” ती म्हणाली. “वन्सं, तुम्ही पलीकडे जा आणि तीनदा वाजवा. मी इकडून ऐकते.”

चादरींच्या खोलीत साबणाचा आणि इस्त्रीचा वास भरला होता. फडताळांच्या मधल्या जागेत उभं राहून तिनं भिंतीला कान लावला. चुना थंड होता. टक, टक, टक. भरीव आवाज. पोकळ नाही. ती कान काढणार तेवढ्यात आणखी दोनदा वाजलं. टक. टक. हे दोन जवळून आले होते.

ती मार्गिकेत आली. समोरून वन्सं आली.

“तीन सांगितले होते. पाच कशाला वाजवले?”

“मी तीनच वाजवले,” वन्सं म्हणाली. “नंतरचे दोन तू वाजवलेस ना?”

शंकासुर मध्येच, मार्गिकेत, टेपचं टोक धरून उभा होता. त्याच्या हातातला टेप आपोआप सरकन गुंडाळला गेला आणि तिघंही दचकली. मग वन्सं पहिल्यांदा हसली.

“पाण्याचा पाइप असेल, वहिनी. या इमारतीला रात्रंदिवस ढेकर येत असतात.”

“पाइपच,” मास्तरीण म्हणाली. तिनं वहीत ‘पाइप’ लिहिलं आणि पुढे स्वतःच्याच अक्षरात लाल खूण केली.

५

पुढचे चार-पाच दिवस काहीच झालं नाही. सत्त्याण्णव रोज ‘झालं’ म्हणायचा, सगळ्यांत शेवटी, पण वेळेवर. शेजाऱ्यांशी हिशेब चोख ठेवायचा. जेवढी हवा घ्यायचा तेवढी परत द्यायचा. गडी म्हणून त्याच्यात खोट काढायला जागा नव्हती. मास्तरीण त्याला पाहून वैतागायची आणि मनातल्या मनात त्याचं कौतुकही करायची. बाकी शहाण्णवांत काही कामचुकार होते, ज्यांच्या यंत्रावर धूळ बसली की चार-चार फेऱ्या जुनाच आकडा पुढे ढकलायचे. हा तसला नव्हता.

घरी नवऱ्याला तिनं हे सांगितलं. नवरा शिंपी, समोरच्या खोलीत मशीन टाकून दिवसभर शिवायचा. दातात दोरा धरून त्यानं ऐकून घेतलं आणि म्हणाला, “कापड बेतताना कधी कधी एक तुकडा जास्त निघतो. कुठून आला कळत नाही. मी ठेवून देतो. कधीतरी लागतो.”

“आणि लागला नाही तर?”

“मग कुणीतरी मागायला येतं.”

ती हसली. त्याचं सगळं असं असायचं.

६

मंगळवारी सकाळी अकरा वाजून सात मिनिटांनी तिसऱ्या मजल्यावरच्या कपडे वाळवायच्या यंत्रानं पेट घेतला.

नियंत्रण खोलीत मास्तरीण आणि शंकासुर दोघंच होती. घंटा वाजायच्या आत पडद्यावर ती खोली लाल झाली. गड्यांनी जीव तोडून काम केलं. दोन सेकंदांत वाट ठरली, पूर्वेचा जिना मोकळा झाला, सगळ्या खोल्यांतल्या भोंग्यांतून ‘बाहेर पडा’ सुरू झालं. तिसऱ्या मजल्यावरचे आकडे कमी कमी होत गेले. बत्तीस नंबरची खोली, चारवरून दोनवर, दोनवरून शून्यावर. मास्तरणीचे हात टेबलावर शांत होते. सात वर्षं तिनं याच घटकेसाठी घासली होती आणि आता तिची भाषा घड्याळासारखी चालत होती.

फोन वाजला. वन्सं होती, धापा टाकत. “सगळे अंगणात, वहिनी. एकतीस. मी एकेकाच्या खांद्याला हात लावून मोजले. पाड तुझं शटर.”

शटर पडणं भाग होतं. चौथ्या मजल्यावर शस्त्रक्रियेची खोली होती. एका बाईचं पोट उघडं होतं, तिला हलवता येणार नव्हतं, आणि धूर मार्गिकेतून जिन्याकडे सरकत होता. शटर पडलं की धूर तिसऱ्या मजल्यातच कोंडला जाणार होता. हातानं पाडायची साखळी आतल्या बाजूला होती, धुरात.

मास्तरणीनं हुकूम दिला. शटर हललं नाही.

पडद्यावर कारण आलं. आत माणूस असताना शटर पडत नाही. हा नियम तिनंच घातला होता, आणि तो मोडता येऊ नये म्हणून भाषेच्या मुळातच पुरला होता. सत्त्याण्णव: माणसं, एक.

“काढून टाक त्याला!” शंकासुर उभा राहिला. “खोलीच नाही ती!”

“एकटा काढता येत नाही. सगळं बंद करून पहिल्यापासून चालू करावं लागेल. चार मिनिटं.”

“आणि धूर?”

“दोन.”

तिनं त्या ओळीवर बोट ठेवलं. इतके दिवस ती हवेचे आणि माणसांचे रकाने वाचत होती. दाराचा रकाना तिनं कधी नीट पाहिला नव्हता. आता पाहिला. दार: एक, मार्गिकेकडे. स्थिती: बंद. कडी: बाहेरून.

“दार आहे त्याला,” ती म्हणाली. “बाहेर काढू या.”

शंकासुर तिच्या खुर्चीची पाठ धरून उभा होता. “मास्तरीणबाई, बाहेरून कडी कशाला लावतात, ते आधी विचारा.”

“आग लागल्यावर ते विचारत नाहीत.”

तिनं एक ओळ लिहिली. सत्त्याण्णव, दार उघड. भाषेनं ती ओळ मोडली नाही. मास्तरणीला वाटलं होतं, मोडेल. भाषेनं ती निमूट मान्य केली.

७

शेजारच्या खोल्यांच्या हवेतला तो चाळीस सेकंदांचा ठेका थांबला. मग तो विसावर आला. मग आठावर. मग माणूस घाईनं उठताना घेतो तसा, लागोपाठ. मग काहीच नाही.

सत्त्याण्णव: माणसं, शून्य.

तिसरा मजला, मार्गिका: एक.

“पडतंय का शटर?” शंकासुर पुटपुटला.

“अजून मार्गिकेत आहे कुणीतरी. थांब.”

ते एक मार्गिकेत उभंच राहिलं. धुराच्या दिशेला का जिन्याच्या, ते यंत्र सांगत नव्हतं. मास्तरणीनं भोंग्याचं बटण दाबलं. “उजवीकडे जिना आहे,” ती सावकाश म्हणाली, पाहुण्याला वाट दाखवावी तशी. “भिंतीला हात लावून चला.”

पूर्वेचा जिना, वरचा टप्पा: एक. मार्गिका: शून्य.

त्याच क्षणी शटर पडलं. तीन मजले खाली त्यांना त्याचा धडाका ऐकू आला आणि पायाखालची फरशी थरारली. चौथ्या मजल्याची हवा स्वच्छ होती. शंकासुरानं दोन्ही हातांनी तोंड झाकलं. तो रडत होता का हसत होता, ते त्यालाही सांगता आलं नसतं. मग दोघांनी पुन्हा पडद्याकडे पाहिलं, कारण ते एक अजून उतरत होतं.

दुसरा मजला, जिना: एक. पहिला मजला, जिना: एक. घाई नव्हती. एकेका टप्प्यावर सारखाच वेळ. तळमजला, मार्गिका: एक.

या खोलीचं दार त्या मार्गिकेवरच होतं.

तळमजला, मार्गिका: शून्य.

मास्तरणीची नजर खाली सरकली. नियंत्रण खोली: तीन.

दार वाजलं नव्हतं. पाऊल वाजलं नव्हतं. फक्त पंख्याचा आवाज बदलला होता. खोलीत माणूस वाढलं की आवाज जरा बसतो, तसा. शंकासुराच्या मानेची शीर ताठ झाली. त्यानं मान वळवली नाही. मास्तरणीनंही वळवली नाही. पडदा काळा असता तर त्यात मागचं काही दिसलं असतं. पडदा आकड्यांनी भरलेला होता आणि त्याबद्दल तिनं मनोमन आभार मानले.

ती नेहमीच्या आवाजात म्हणाली, “बाहेर जायचं दार डावीकडे आहे. अंगणात सगळे जमलेत. तिथे नर्सबाई आहेत, त्या बघतील.”

ती वाट बघत राहिली. तिच्या उजव्या कानामागून केसांची एक बट अगदी हळू आत ओढली गेल्यासारखी झाली, आणि बऱ्याच वेळानं सुटली.

नियंत्रण खोली: दोन.

८

दीडपर्यंत आग विझली. शस्त्रक्रिया नीट पार पडली होती. बाई शुद्धीवर येत होती. व्यवस्थापकांनी मास्तरणीचा हात दोन्ही हातांत धरून हलवला आणि ‘तुमची भाषा, तुमची भाषा’ असं तीनदा म्हटलं. पडद्यावर गडी शहाण्णव होते, उत्तरं शहाण्णव होती.

वन्सं अंगणात पायरीवर बसली होती. तोंडावर काजळी, हातात पाण्याचा पेला. तिच्या मजल्यावरच्या सगळ्यांना बसमधून दुसऱ्या इस्पितळात पाठवलं होतं.

“एकतीस पोचले,” ती म्हणाली. “फोन आला होता तिकडून.”

“बरं झालं.”

“वहिनी, मी बत्तीस चढवले होते.”

मास्तरीण तिच्याशेजारी बसली.

“तुला फोन केला तेव्हा एकतीसच होते. बसमध्ये चढवताना पुन्हा मोजले तर बत्तीस. म्हटलं, दुसऱ्या मजल्यावरचं कुणी आलं असेल. शेवटचं होतं रांगेत. मी हात धरून चढवलं. हात अगदी हलका. धुतलेल्या उशीच्या अभ्र्यासारखा.” ती पेल्यात बघत राहिली. “बाई होती का बाप्या, तेही आठवत नाही. वीस वर्षं मी माणसांचे चेहरे लक्षात ठेवतेय. हा राहिलाच नाही बघ.”

“बोललं काही?”

“विचारलं, दार कुणी उघडलं? मला काय, अभिमानच वाटला. म्हटलं, आमच्या वहिनीनं. मग विचारलं, कुठे राहतात? ते माझं माहेरच की गं. सांगितला पत्ता. आभार मानायला जायचं असेल, असं वाटलं.”

“आणि बस?”

“ड्रायव्हर म्हणतो, मध्ये एकदाच थांबवली. मागून कुणीतरी म्हणालं, इथे उतरायचंय. तुमच्या गल्लीच्या कोपऱ्यावर.”

ऊन लख्ख होतं. अंगणात ओल्या नळ्या गुंडाळायचं काम चाललं होतं. मास्तरीण उठली, पदर खोचला आणि फाटकाकडे चालायला लागली. चालता चालताच तिनं घरी फोन लावला. घर पंधरा मिनिटांवर होतं.

नवऱ्यानं लगेच उचलला. “अगं, तुझंच नाव निघालं होतं. तू कुणाला पाठवलंस ते आलंय. बिचाऱ्याला बोलायचा सराव नाही फारसा, पण आहे सज्जन.”

“कुठे आहात तुम्ही दोघं?”

“बसलोय गप्पा मारत. आतल्या खोलीत.”

मास्तरणीनं चाल मोडली नाही. रस्ता ओलांडला. समोरून येणारी सायकल चुकवली. त्यांच्या घरात समोर शिवणाची खोली होती आणि मागे स्वयंपाकघर. बारा वर्षं ती त्या दोन खोल्यांत राहत होती. तिसरी नव्हती.

“हे बघ,” ती म्हणाली, आणि आवाज तिनं सकाळच्यासारखाच ठेवला, “फोन ठेवू नकोस. पाहुण्यांना म्हणावं, आलोच. उठ आणि समोर ये, मशीनपाशी. चालत ये, पळू नकोस. आणि काही झालं तरी मध्ये थांबू नकोस.”

“का गं?”

“ये तर.”

“बरं बाई. आलो.”

खुर्ची सरकल्याचा आवाज आला. मग चपलांचा. फट, फट, फट. तिनं मोजायला सुरुवात केली. मागच्या भिंतीपासून पुढच्या उंबऱ्यापर्यंत ते घर अकरा पावलांचं होतं. केर काढून काढून तिला ते पाठ झालं होतं. नऊ. दहा. अकरा. बारा.

“खोली एवढी लांब कशी वाटतेय आज,” नवरा म्हणाला. अजून त्याच्या आवाजात हसूच होतं.

“वाटू दे. चालत राहा. मी निघालेय, दार मी येऊन उघडते.”

वीस. एकवीस. ती भराभर चालत होती, धाप न लागू देता, एका हातात किल्ली घट्ट धरून. दार उघडायला कुणीतरी बाहेर असावं लागतं, आणि ती बाहेर होती. तेवढं पुरेसं आहे, असं तिनं ठरवलं. ती त्याला मशीनवरच्या अर्धवट शर्टाबद्दल विचारत राहिली, कॉलर लागली का, बटणं कुठली लावणार. तो उत्तरं देत राहिला, आणि उत्तरांच्या मागे चपला वाजत राहिल्या.

ती गल्लीच्या कोपऱ्यावर पोचली तेव्हाही तो चालतच होता.